अजून दुखत नाही

१

ती अपघात विभागात डॉक्टर होती. नव्याने आलेल्या पोरांना शिकवायचं काम तिच्याकडे आपसूकच आलं होतं, आणि ते तिला आवडायचं. लाड करणं मात्र तिच्या स्वभावात नव्हतं. एखाद्याने केसपेपरवर ‘काळंनिळं झालं आहे’ असं लिहिलं, की ती कागद परत त्याच्या हातात द्यायची.

“काळंनिळं शेजारीण म्हणते. तू डॉक्टर आहेस. वरची साल गेली तर खरचटणं. कातडी फाटली तर जखम. कातडी शाबूत आणि आत रक्त साकळलं, तर मुका मार. आणि कपाळावर टेंगूळ आलं, तर ते टेंगूळ पेशंटच्या आईला सांगायचं, कोर्टाला नाही.”

पोरं हसायची. तिच्या पाठीमागे तिला ‘साडेनऊ’ म्हणायची. तिच्या उजव्या हाताची तर्जनी आखूड होती, वरचं पेर नव्हतंच. अगदी लहानपणी ते बोट दाराच्या फटीत सापडलं होतं. वाऱ्याने दार आपटलं, असं आई सांगायची. तिला स्वतःला त्यातलं काही आठवत नव्हतं, आणि ‘साडेनऊ’ हे नाव तिच्या कानावर आलं तेव्हा तिने ते मनावरही घेतलं नव्हतं.

मग ती रंगांवर यायची. ताजा मार लालसर असतो, सुजलेला. मग जांभळा, निळा. मग कडेकडेने हिरवट होत जातो, हिरव्याचा पिवळा होतो आणि पिवळा हळूहळू कातडीच्या रंगात विरून जातो. सांडलेलं रक्त शरीर मोडून परत आपल्यात घेतं, काही वाया घालवत नाही.

“दिवस पुढेमागे होतील. म्हाताऱ्या कातडीला जास्त वेळ लागतो. पण पिवळा म्हणजे जुना. यात वाद नाही.”

कोर्टात साक्षीला गेल्यावर वकील हमखास एक प्रश्न विचारायचे. दंडावर बोटांचे डाग आहेत, मान्य. पण सावरायला धरलं होतं की मारायला? तिचं उत्तर ठरलेलं होतं. बोटं कुठे आणि किती जोरात रुतली ते डाग सांगतो, मनात काय होतं ते सांगत नाही. हे वाक्य ती इतक्या वेळा बोलली होती, की बोलताना तिचं तिलाच ते ऐकू येत नसे.

२

घरात ती आणि आई, दोघीच. आईने उभा जन्म शिवणकाम केलं होतं. पुढच्या खोलीत खिडकीशी तिचं मशीन अजून होतं, रुंद लाकडी फळीचं, पायाने चालवायचं. आता आईला शिवता येत नव्हतं. तिची स्मरणशक्ती सुटत चालली होती, आणि हातांना शिवणकामातली एकच गोष्ट आठवत होती, उसवणं. गाऊनची शिलाई, उशीचा अभ्रा, पडद्याची दुमड, जे हाती लागेल ते आई नखांनी शांतपणे उसवत बसायची. उसवलेला दोरा बोटाला गुंडाळून ठेवायची.

दिवसभर आईला सांभाळायला मावशी यायच्या. कामावर येणाऱ्या बाईला मावशी म्हणतात, तशा त्या मावशी. पण आईचा त्यांच्यावर जीव होता. मावशींच्या सुट्टीच्या दिवशी आईला आंघोळ ती घालायची. अशाच एका सुट्टीच्या सकाळी, आईच्या पाठीवर पाणी ओतताना, तिला डाव्या दंडाच्या आतल्या बाजूला तो पिवळेपणा दिसला.

अगदी फिकट होता. दुसऱ्या कोणाला साबणाचा फेस वाटला असता. तिने दंड हळूच वर केला. आत चार धूसर ठिपके, एकाखाली एक. पुढच्या बाजूला एक, जरा मोठा. असे दंड तिने शेकड्याने पाहिले होते.

“आई, इथे तुला कोणी धरलं?”

आईने दंडाकडे पाहिलं. शिवायला आलेलं कापड बघायची, तसं निरखून पाहिलं.

“हात ओळखीचा आहे,” आई म्हणाली.

“दुखतंय का गं?”

“नाही. अजून दुखत नाही.”

त्यातला ‘अजून’ तिने ऐकला, आणि सोडून दिला. आईच्या बोलण्यात असे जास्तीचे शब्द हल्ली रोजचेच होते. तिने पाणी बंद केलं. रागाने तिचे कान तापले होते.

३

दुसऱ्या दिवशी तिने मावशींना स्वयंपाकघरात बोलावलं आणि दार लोटून घेतलं.

“आईच्या दंडावर बोटं उठली आहेत. जुनी आहेत. म्हणजे मागच्या आठवड्यातली. मी तेव्हा दिवसभर ड्युटीवर होते.”

मावशी बघतच राहिल्या. “ताई, मी आजींना हात लावते तो फुलाला लावावा तसा. तुम्हीच म्हणायच्या ना?”

“मी म्हणत होते. आता डाग वेगळं म्हणतोय.”

“मागच्या आठवड्यात नव्हतं हो काही. मी रोज अंग पुसते त्यांचं. असतं तर मला दिसलं नसतं?”

“मावशी, मी हेच काम करते. पिवळा डाग जुना असतो. मला यातलं कोणी शिकवू नये.”

मावशी रडल्या नाहीत. त्यांनी खुंटीवरची पिशवी घेतली, पुढच्या खोलीत जाऊन आईच्या डोक्यावरून हात फिरवला आणि गेल्या. आई खिडकीशी बसून रुमालाची शिलाई उसवत होती.

“ती का गेली?” आईने विचारलं.

“तिने तुला दुखवलं म्हणून.”

“तिने?” आई म्हणाली, आणि जरा वेळाने हसली. दोरा तसाच बोटाला गुंडाळत राहिली.

तिने रजा टाकली. भावाला फोन केला. तो दूरच्या शहरात होता आणि दुरून काळजी करण्यात त्याचा हात कोणी धरला नसता. “ताई, तू आहेस म्हणून मी निर्धास्त आहे,” तो म्हणाला. हे तो दर फोनला म्हणायचा.

४

डाग विरायला हवा होता. चार-पाच दिवसांत पिवळा रंग फिकट होऊन जायला हवा होता. तो हिरवा झाला.

बाथरूममधल्या दिव्याचा दोष असेल, असं तिने आधी ठरवलं. आईला खिडकीशी आणून उजेडात पाहिलं. हिरवाच होता. मग वाटलं, जुन्यावर नवा मार बसला असेल, झोपेत कॉटच्या दांडीवर दंड आपटला असेल. पण नव्या माराला सूज असते, दाबलं की माणूस कळवळतं. तिने ठिपक्यांवर अंगठा दाबून पाहिला. आई तिच्याकडे शांतपणे पाहत राहिली.

आईचं रक्त तपासायला दिलं. लॅबमधला सहकारी ओळखीचा. तो म्हणाला, “सगळं नॉर्मल आहे. या वयात माझंसुद्धा इतकं चांगलं यावं.” एरवी ती हसली असती.

ती रोज फोनवर दंडाचा फोटो काढू लागली. आधी हिरवा. मग हिरव्याच्या मधोमध निळसर झाक. कडेचा पिवळेपणा आत आत सरकत नाहीसा झाला आणि निळं गडद होत गेलं. एका दुपारी आई झोपली असताना तिने सगळे फोटो एकापाठोपाठ पाहिले. शेवटच्यापासून पहिल्याकडे बोट सरकवत गेलं, की पोरांना शिकवायला ठेवावा असा नमुना होता. गडद निळा, निळसर, हिरवा, पिवळा. साधा, बरा होत आलेला मुका मार. मग तिने पहिल्यापासून शेवटच्याकडे बोट सरकवलं, आणि फोन पालथा ठेवून दिला.

शिकलेल्या माणसाचं एक असतं, त्याला कारण लागतं. कारण मिळेना तेव्हा तिने स्वतःवर शंका घेतली. जागरणं झाली आहेत, रंग नीट दिसत नसतील. म्हणून शेजारच्या बाईंना बोलावून दंड दाखवला. त्या म्हणाल्या, “अगं बाई! काळंनिळं झालंय की.” या वेळी तिने तो शब्द दुरुस्त केला नाही.

५

मग कानशील.

एका सकाळी आईचे केस विंचरताना डाव्या कानशिलावर पिवळट पट्टा दिसला. तिने कंगवा खाली ठेवला. पट्ट्याची एक बाजू पसरट होती, दुसरी सरळ, आखल्यासारखी. अशी सरळ कड माणसाच्या हाताने उठत नाही. ती वस्तूची असते. टेबल, पायरी, ओटा.

हे वाचायला तिला पुस्तक लागत नव्हतं. कोणीतरी दंड धरतो. माणूस पडतो. डोकं कशाच्या तरी कडेवर बसतं. एरवी हे सगळं झाल्यावर तिच्यापुढे यायचं. या वेळी ते अजून घडायचं होतं.

हे मनात आलं तेव्हा ती दचकली, आणि तिने स्वतःला वेड्यात काढलं. पण उठून आईची मोजपट्टीही शोधली.

दंडावरचा डाग आता इतका रेखीव झाला होता, की बोट न् बोट मोजता आलं असतं. मोठा ठिपका अंगठा. खालची तीन बोटं दंडाला वळसा घालून चांगली आतपर्यंत गेलेली. सगळ्यात वरचं, तर्जनीचं, मध्येच थांबलेलं. त्याचा ठसा बाकीच्यांइतका आत पोचतच नव्हता आणि टोकाला बोथट होता.

मग तिने आपला उजवा हात उचलला आणि आईच्या दंडाभोवती धरला, कातडीला न लावता, वरच्या वर. अंगठा अंगठ्यावर. तीन बोटं तीन बोटांवर. आखूड बोट आखूड डागावर.

आईने तिच्या हाताकडे पाहिलं, मग तिच्या तोंडाकडे.

“एवढ्यात नको,” आई म्हणाली.

६

आपण आईला मारणार, हे तिला पटत नव्हतं. पण ‘कधीच नाही’ असंही तिला छातीवर हात ठेवून म्हणता येईना. ती दमली होती. आईने तोंडातला घास थुंकला, नुकता बदललेला पलंगपोस उसवून ठेवला, एकच प्रश्न दुपारभर विचारला, की तिला तिथून उठून जावंसं वाटायचं. एकदा तर तिने दाराची चौकट दोन्ही हातांनी घट्ट धरली होती, ते हात दुसरीकडे जाऊ नयेत म्हणून. त्या क्षणी तिला आईचा राग नव्हता आला, आईचा कंटाळा आला होता. त्याची तिला जास्त भीती वाटली.

तिने भावाला फोन केला. “तू ये. आईजवळ दुसरं कोणीतरी हवं. मी नको.”

“म्हणजे?”

“मी थकले रे,” ती म्हणाली.

“पुढच्या महिन्यात नक्की येतो, ताई. तू आहेस म्हणून—”

तिने फोन ठेवला.

मग ती मोजपट्टी घेऊन घरभर फिरली. कॉटची कड गोल निघाली. ओट्याची उंची जुळेना. टीपॉय शेजारी देऊन टाकला. राहिलं ते मशीन. त्याच्या लाकडी फळीची कड सरळ होती, आणि मध्ये कात्री पडून गेलेला एक टवका होता. आईच्या कानशिलावरच्या पट्ट्यातही, नीट पाहिलं तर, तेवढाच एक खंड होता.

मशीन हलवायला दोन माणसं बोलावली. त्यांनी हात लावताच आईने असा हंबरडा फोडला, की ती माणसं आपणहून मागे सरली. शेवटी तिने फळीच्या कडेला जाड स्पंज लावला, वर कापडाची पट्टी घातली आणि स्वतः सुई घेऊन दुहेरी दोऱ्याने घट्ट शिवून टाकली. आई शेजारी बसून बघत होती.

“टाका लांब पडतोय,” आई म्हणाली. बऱ्याच दिवसांनी इतकं शहाण्यासारखं बोलली.

आणि उजव्या हाताला तिने नियम लावला. आईला घास भरवायचा, उठवायचं, धरायचं, सगळं डाव्या हाताने. उजवा हात तिने क्रेप बँडेजमध्ये गुंडाळून टाकला. चुकून पुढे आलाच, तर ती तो मागे घ्यायची. काही दिवसांत तो सांगायच्या आधीच मागे राहायला शिकला.

दंड निळ्याचा जांभळा झाला, जांभळ्याचा लाल. कानशील मागून आलं होतं, पण भराभर रंग बदलत त्याने दंडाला गाठलं. शेवटी दोन्ही ठिकाणी सूज आली. आई ती जागा तळव्याने झाकून बसायची. विचारलं, की म्हणायची, “नाही गं, अजून दुखत नाही.”

७

आणि एका सकाळी सगळं गेलं होतं.

दंड स्वच्छ होता. कानशील स्वच्छ. तिने आईला खिडकीशी बसवलं, दंड आतून-बाहेरून पाहिला, केस मागे सारून कपाळ पाहिलं. म्हाताऱ्या, मऊ, सुरकुतलेल्या कातडीशिवाय तिथे काही नव्हतं. तिचा जीव भांड्यात पडला. आईच्या मांडीवर डोकं ठेवून ती रडली, आणि आईने तिच्या केसांतून बोटं फिरवली.

डाग बरा झाला की कातडी अशीच दिसते, असं तिने स्वतःला सांगितलं. मार बसायच्या आधीही कातडी अशीच दिसते, हे तिच्या मनात आलंच नाही. की आलं, आणि तिने ते बसू दिलं नाही.

तिने हाताचं बँडेज सोडलं. मावशींना फोन केला.

“मावशी, माझं चुकलं. मी डागाचा रंग पाहिला, तुम्हाला पाहिलं नाही. याल का परत?”

पलीकडून मावशींनी आधी विचारलं, “आजी कशा आहेत?”

“बऱ्या आहेत. तुमची वाट बघतात.”

“येते,” मावशी म्हणाल्या. “आत्ताच निघते.”

बाहेर गारवा होता. आईला बाधू नये म्हणून तिने सगळ्या खिडक्या लावून कड्या घातल्या. मावशींना बेल वाजवत उभं राहावं लागू नये म्हणून पुढचं दार नुसतं लोटून ठेवलं. मग ती चहा ठेवायला आत गेली. कितीतरी दिवसांनी ती दोन्ही हातांनी काम करत होती.

चहा घेऊन ती बाहेर आली तेव्हा आई मशीनशी बसली होती. मांडीवर स्पंज होता. कापडाची लांबलचक पट्टी जमिनीवर लोळत होती, आणि आई उसवलेला दुहेरी दोरा बोटाला गुंडाळत होती. फळीची लाकडी कड उघडी पडली होती.

“आई! हे काय केलंस!”

आवाज तिला वाटला त्याच्या कितीतरी पट मोठा निघाला. आई दचकली. शाळेत ओरडा खाल्लेल्या मुलीसारखी पटकन उठली, पट्टी तिच्या पायात अडकली, आणि ती कलली.

कप फुटला. तिचा उजवा हात पुढे गेला, आणि मध्येच थांबला. इतके दिवस त्याला तेच शिकवलं होतं. आई कलत होती आणि तो हात हवेत होता. मग त्याने झेप घेतली आणि दंड धरला. मऊ मांसात बोटं रुतली. आखूड बोट मध्येच अडलं. त्या क्षणी तिच्या अंगात भीती होती, आणि ओरडताना आलेला संतापही अजून ओसरला नव्हता. हाताला एक झटका बसला. तो आपल्याकडे होता की पलीकडे, हे तिला नंतर कितीही आठवलं तरी ठरवता आलं नाही. दंड हातातून सुटला. लाकडावर काहीतरी आपटल्याचा आवाज झाला, फारसा मोठा नाही.

आई मशीनच्या पायाशी बसल्यासारखी पडली होती. डोळे उघडे होते. कानशिलावर लाल पट्टा उठत होता, एका बाजूने सरळ, मध्ये एक खंड.

“आता दुखतंय,” आई म्हणाली.

दारात मावशी उभ्या होत्या. त्या कधी आल्या, किती पाहिलं, कळायला मार्ग नव्हता. पिशवी टाकून त्या धावल्या, आईचं डोकं मांडीवर घेतलं आणि गाऊनची बाही वर सारली. दंडावर बोटं लाल उमटत होती. मावशींनी ती पाहिली. मग तिच्या हाताकडे पाहिलं.

“ताई,” मावशी हळू आवाजात म्हणाल्या, “सावरायला धरलंत ना तुम्ही त्यांना?”

तिने तोंड उघडलं. या प्रश्नाचं तिला एकच उत्तर माहीत होतं, आणि ते इथे चालणार नव्हतं. ती गुडघ्यांवर बसली.

आईचा हात चाचपडत आला. त्याने तिचा उजवा हात शोधला, त्यातलं आखूड बोट शोधलं आणि ते मुठीत घट्ट धरलं.

“तिला नका काही बोलू,” आई मावशींना म्हणाली. “वाऱ्याने झालं ते. वाऱ्याने दार आपटलं.”

मावशींनी मान वळवून खिडक्यांकडे पाहिलं. सगळ्यांच्या कड्या लावलेल्या होत्या.